दीडशेला एकतीस शतांश कमी

अंबत्तूरच्या त्या कारखान्याच्या फाटकावर कमलिनी रावनं तिसऱ्या दिवशीही वहीत तेच सगळं भरलं: नाव, कंपनी, लॅपटॉपचा नंबर, भेटीचं कारण. पहिल्या दिवशी कारणाच्या रकान्यात तिनं 'मशीनच्या कॉन्फिगरेशन फाइलची तपासणी' असं सुवाच्य लिहिलं होतं. दुसऱ्या दिवशी नुसतं 'फाइल'. तिसऱ्या दिवशी तिनं 'कालचंच' असं लिहिलं. रखवालदारानं ते वाचलं, लॅपटॉपच्या कॅमेऱ्यावर आधीच्या दोन चिकटपट्ट्यांवर तिसरी लावली आणि पेनड्राइव्ह काढून ठेवायला सांगितलं. पेनड्राइव्हशिवाय फाइल मशीनपर्यंत न्यायची कशी, हे ती त्याला दोन दिवस समजावत होती. आज तिनं मुकाट्यानं तो त्याच्या हातात ठेवला आणि आत गेली.

कमलिनी अठ्ठेचाळीस वर्षांची होती. राहायची वेस्ट मांबलमला, नवरा संजीव आणि ती, दोनच माणसं. तिचं घराणं मूळचं तंजावरचं. तंजावरची मराठी मंडळी जशी बोलतात तशी जुन्या वळणाची, मध्येच तमिळ हेल काढणारी मराठी ती घरात बोले. जिन्यात आणि बाजारात तमिळ, ऑफिसात इंग्रजी. तिचा साहेब अथर्व नाशिकचा, तिच्याहून सोळा वर्षांनी लहान. त्यानं तिची मराठी पहिल्यांदा ऐकली तेव्हा तो हसला होता. वाईट मनानं नव्हे, पण हसला होता. तेव्हापासून ती त्याच्याशी इंग्रजीतच बोलायची.

शोळिंगनल्लूरच्या तिच्या ऑफिसात सत्तर माणसं होती आणि त्यातल्या साठांना कमलिनी नेमकं काय करते हे सांगता आलं नसतं. कारखान्यात एखादा भाग कापायचा असला की आधी तो कंप्युटरवर कापून बघतात. हत्यार कुठून शिरेल, कुठून फिरेल, कुठं थांबेल, हा सगळा मार्ग सॉफ्टवेअर ठरवतं. पण त्या सॉफ्टवेअरला प्रत्यक्ष मशीनची काही माहिती नसते. तो मार्ग त्या त्या मशीनच्या भाषेत उतरवून देणारा एक दुभाषा लागतो. त्याला सगळे 'पोस्ट' म्हणतात. आणि या दुभाष्याला मशीनची खडान्‌खडा माहिती द्यावी लागते: टेबल कुठल्या बाजूला कलतं, किती अंशांपर्यंत कलतं, ते ज्या आसाभोवती कलतं तो आस टेबलापासून किती अंतरावर आहे. ही माहिती ज्या फाइलीत असते ती मशीनची कॉन्फिगरेशन फाइल. अशा एकशे तीस फाइली कमलिनीच्या हातच्या होत्या. त्यातला एक आकडा चुकला, तर पडद्यावर सगळं सुंदर दिसतं आणि मशीनवर लोखंडाचं भंगार होतं.

म्हणूनच दक्षिणेतल्या कुठल्याही कारखान्यात काहीही बिघडलं, हत्यार बोथट असलं, पकड ढिली असली, वीज गेली तरी लोक पहिलं वाक्य एकच बोलत: पोस्टमध्ये गडबड आहे. पंधरा वर्षांत हे वाक्य तिनं इतक्यांदा ऐकलं होतं की आता ते ऐकताच तिचं डोकं ठणकायला लागायचं. दहातल्या नऊ वेळा पोस्टमध्ये काही नसायचं. पण ते सिद्ध करायला तीन दिवस जायचे, आणि सिद्ध झाल्यावर कुणी चुकलो म्हणायचं नाही. "बरं झालं, सुटलं," एवढंच.

अंबत्तूरची तक्रार मार्चच्या पहिल्या आठवड्यात आली. हा कारखाना मोठ्या पंपांसाठी पोलादी झडपा बनवायचा. झडपेच्या ठोकळ्यात एक भोक वरून पाडायचं आणि दुसरं बाजूनं. दोन्ही आत बरोबर एकमेकांना मिळायला हवीत. बाजूचं भोक पाडताना मशीनचं टेबल ठोकळ्यासकट काटकोनात उभं राहायचं. सहा वर्षं हे काम बिनबोभाट चाललं होतं. आणि त्या आठवड्यात एकामागून एक अकरा ठोकळे वाया गेले. आतली भोकं जिथं मिळत तिथं पायरी पडत होती, मिलिमीटरच्या जवळजवळ तिसऱ्या हिश्शाची. बोट घातलं की नखाला लागायची.

उत्पादनाची सगळी जबाबदारी श्रीविद्या नावाच्या बाईंकडे होती. चाळिशीच्या, नेमकं बोलणाऱ्या, आवाज कधी न चढवणाऱ्या. त्यांचं म्हणणं सरळ होतं: आम्ही काही बदललेलं नाही, जानेवारीत तुम्ही सॉफ्टवेअरची नवी आवृत्ती बसवलीत, तेव्हा चूक तुमची. कमलिनीनं फाइल उघडून दाखवली. जून २०१८ पासून तिच्यातलं एक अक्षर हललेलं नव्हतं. नव्या आणि जुन्या आवृत्तीतून तिनं तोच प्रोग्रॅम काढून शेजारी शेजारी ठेवला. दोन्हीत तसूभर फरक नव्हता. मग मशीनमध्ये दोष असेल, असं ती म्हणाली. मशीनच्या कंपनीचा माणूस येऊन डायल, म्हणजे शतांश दाखवणारं मोजणीचं घड्याळ, लावून तपासून गेला आणि मशीन उत्तम आहे असा कागद देऊन गेला. श्रीविद्याबाईंनी तो कागद कमलिनीसमोर सरकवला.

"मशीन बरोबर, तुमची फाइल बरोबर, आमची माणसं बरोबर," त्या म्हणाल्या. "मग हे अकरा ठोकळे काय स्वतःहून बिघडले?"

त्या दिवशी ती मांबलमला परत आली ती उभ्यानं. अंबत्तूरहून सेंट्रल, तिथून रस्ता ओलांडून पार्क स्टेशन, तिथून मांबलम, आणि सबंध वाटेत अथर्वचे मेसेज. ग्राहकाला संध्याकाळपर्यंत काहीतरी द्या. काहीतरी म्हणजे काय, असं तिनं विचारलं, तर उत्तर आलं: काहीही, पण हालचाल दिसली पाहिजे. तिनं फोन पर्समध्ये टाकला आणि पर्सची चेन लावली. जेवताना संजीवनं दोनदा काही विचारलं. दोन्ही वेळा ती भलतंच काहीतरी बोलली. त्यानं तिच्या ताटात आणखी एक चमचा भात वाढला.

म्हणून तिसऱ्या दिवशी ती आत गेली ती कुणाशी न बोलता सरळ मशीनपाशी. मशीनवर कनका नावाची ऑपरेटर होती, तिशीची, दुसऱ्या विभागातून नुकतीच इथं आणलेली. आधीचे दोन दिवस कमलिनीनं तिच्याकडे धड पाहिलंही नव्हतं. सगळ्या चर्चा वर, काचेच्या खोलीत झाल्या होत्या. आज ती स्टूल ओढून तिच्या शेजारी बसली आणि तमिळमध्ये विचारलं, की तू यायच्या आधी इथं कोण होतं?

रंगा अण्णा होते, कनका म्हणाली. या कारखान्यात बावीस वर्षं. जानेवारीअखेर रिटायर झाले.

हे तिला वर कुणी सांगितलं नव्हतं. "काही बदललं का" असं तिनं दोन दिवसांत दहा जणांना विचारलं होतं, आणि दहाही जणांनी "काही नाही" म्हटलं होतं. बावीस वर्षांचा माणूस जाणं हे त्यांच्या लेखी काही बदलणं नव्हतं. ऑपरेटर काय, बटण दाबतो.

"जाताना काही सांगून गेले का तुला?"

कनकानं वरच्या काचेकडे एकदा पाहिलं. मग हळू आवाजात म्हणाली, "म्हणाले होते, सकाळी आणि जेवणानंतर डायल लावून बघ. टेबल उभं करून. जेवढा फरक येईल तेवढा प्रोग्रॅममध्ये घाल. पण मला आता प्रोग्रॅमला हात लावायची परवानगीच नाही, मॅडम. फेब्रुवारीत ऑडिट झालं. मशीनमधले जुने प्रोग्रॅम सगळे पुसून टाकले. आता वरून नेटवर्कनं येतात, कुलूप लावून. मी सांगितलं होतं सुपरवायझरना. ते म्हणाले, तू फक्त चालव."

जुन्या प्रोग्रॅमांचं एक मेमरी कार्ड मात्र रंगाच्या लॉकरमध्ये राहिलं होतं आणि तो लॉकर आता कनकाचा होता. तिनं ते आणून दिलं. कमलिनीनं मशीनच्याच पडद्यावर ते उघडलं. तिचं पोस्ट काय लिहितं हे तिला झोपेतही सांगता आलं असतं, त्यामुळे परकी ओळ तिला लगेच दिसली. टेबल उभं करायच्या आज्ञेनंतर, दर वेळी, एक जास्तीची ओळ होती: सगळं काही एका बाजूला एकतीस शतांश मिलिमीटर सरकव. दुसरा प्रोग्रॅम उघडला, तिथंही ती ओळ. तिसरा, दहावा, चाळिसावा. काहींत एकतीस, काहींत तेहतीस, काहींत पस्तीस. एकूण दोनशे अठ्ठ्याऐंशी प्रोग्रॅम होते, आणि बाजूचं भोक असलेल्या प्रत्येकात एका माणसानं मशीनच्या पडद्यासमोर उभं राहून हातानं ती ओळ घातली होती.

म्हणजे फाइल बरोबर नव्हतीच. पहिल्या दिवसापासून चुकीची होती, आणि सहा वर्षं रंगा ती रोज सुधारून घेत होता.

तिनं फाइल पुन्हा उघडली. टेबलापासून आसापर्यंतचं अंतर: १५०.०००. असा गोल गरगरीत आकडा खऱ्या मशीनचा कधी नसतो. तो कॅटलॉगचा असतो. मशीन बसवल्यावर मोजून खरा आकडा एका कागदावर लिहून देतात. शेजारीच तिनं स्वतः लिहिलेली टीप होती: 'तात्पुरता आकडा. मोजणीचा कागद आल्यावर बदलणे.' कागदासाठी तिनं तेव्हा तीन ईमेल पाठवले होते, ते तिला आता आठवले. उत्तर आलं नव्हतं. मग चेंगलपट्टूचं काम आलं, मग श्रीपेरुंबुदूरचं, आणि तात्पुरता आकडा सहा वर्षं तिथंच बसून राहिला.

तिला आधी त्या तीन ईमेलांचाच राग आला. तीनदा मागितलं होतं. तीनदा. एका कागदाचा फोटो काढून पाठवायला किती वेळ लागतो? मशीनला हात लावलेल्या माणसाला कुणी विचारत नाही, आणि ज्यांना विचारतात त्यांनी मशीन जवळून पाहिलेलं नसतं. हा राग तिच्या ओळखीचा होता. सत्त्याण्णव साली डिप्लोमा करून ती गिंडीच्या एका वर्कशॉपमध्ये लागली तेव्हा सगळ्या शॉपमध्ये ती एकटी बाई होती. प्रोग्रॅम तेव्हा कागदावर पेन्सिलनं लिहायचे. तिनं लिहिलेला प्रोग्रॅम मालक आधी शेजारच्या टेबलावरच्या मुलाला तपासायला द्यायचा, आणि तो मुलगा दर वेळी तो तिलाच परत आणून विचारायचा की हे बरोबर आहे ना. बारा वर्षं तिनं ते काढलं होतं.

मोजणीचा कागद कनकाला दुपारी मशीनच्याच मागच्या दारात, प्लास्टिकच्या पिशवीत घडी घालून ठेवलेला सापडला. १४९.६९०. दीडशेला एकतीस शतांश कमी. कमलिनीनं फाइलीतला आकडा बदलला, वर जाऊन श्रीविद्याबाईंच्या सहीनं नवा प्रोग्रॅम नेटवर्कवर चढवला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी पहिला ठोकळा कापला. भोकं एकमेकांना अशी मिळाली की नख सुळकन पुढं गेलं. दुसरा बरोबर, तिसरा बरोबर. साडेअकराला ती निघाली. वाटेत दुसऱ्या एका ग्राहकाकडचं काम उरकून ती तीनला पार्क स्टेशनच्या पुलावर पोचली, तोच फोन आला. दुपारचे दोन ठोकळे वाया गेले होते. पायरी आता लहान होती, चार-पाच शतांशांची. पण या झडपेला दोन शतांशांहून जास्त चालत नव्हतं.

तिनं पुलाच्या कठड्याला हात टेकला. फेरीवाला तिला मोबाइलची कव्हरं दाखवत होता. तिला खरंच ओरडावंसं वाटलं. आकडा खरा होता, मोजलेला होता, सहीशिक्क्याचा होता, आणि तो सकाळी बरोबर आणि दुपारी चूक होता. परत फिरण्यात अर्थ नव्हता. तिनं कनकाला फोन करून रंगाचा पत्ता विचारला.

रंगा रिटायर होऊन शहराबाहेर समुद्रकाठच्या कोवलमला आपल्या भावाकडे राहायला गेला होता. शनिवारी सकाळी कमलिनी शोळिंगनल्लूरवरून अक्करैला गेली, तिथून ईस्ट कोस्ट रोडची बस धरली. भावाच्या दोन होड्या होत्या. रंगा वाळूत पत्र्याच्या सावलीखाली होडीचं इंजिन उघडून बसला होता. कोरडा, उंच, ओठांवर पांढरी मिशी. ती कोण आणि कुठून आली हे सांगितल्यावर त्यानं पाना खाली ठेवला नाही.

"सॉफ्टवेअरवाल्या," तो म्हणाला. "आता आलात."

मग तो बोलायला लागला आणि पाऊण तास थांबला नाही. मशीन नवं आलं त्याच आठवड्यात त्याला कळलं होतं की बाजूचं भोक सरकतंय. त्यानं सुपरवायझरला सांगितलं. सुपरवायझर म्हणाला सॉफ्टवेअर कंपनीला विचार. त्यानं सपोर्टला फोन लावला. एकदा नाही, दोनदा. दुसऱ्या वेळी एका बाईनं ऐकून घेतलं, पण निम्मंच. म्हणाल्या, टूल नीट टेकवत नसाल, शून्य चुकत असेल, तुमच्या इंजिनिअरना फोन करायला सांगा. ईमेल लिहायला त्याला इंग्रजी येत नव्हतं, इंजिनिअरला वेळ नव्हता. मग त्यानं ठरवलं की माल वाया घालवण्यापेक्षा आपणच घालू. डायल लावायची, मोजायचं, ओळ घालायची. आधी फक्त सकाळी. मग लक्षात आलं की दुपारी आकडा बदलतो.

"ती भिंत पश्चिमेची आहे, पत्र्याची," तो म्हणाला. "मशीन तिला चिकटून उभं केलंय. एक वाजला की भिंत तापते, मग मशीन तापतं. तापलं की किंचित वाकतं आणि फरक वाढतो. डिसेंबरात फार नाही, पण मार्चपासून ऑक्टोबरपर्यंत रोज. मी सांगितलं, मशीन आत सरकवा. म्हणाले, पाया पुन्हा घालावा लागेल. तुमच्या कंप्युटरला ऊन कळतं का, अम्मा?"

नाही कळत, असं ती म्हणाली. तिनं त्याला विचारलं, की तो दुसरा फोन कधी केला होता, काही आठवतं का. ऑगस्ट, तो म्हणाला. तमिळ आडि महिना संपत होता, आदल्या दिवशी गावच्या देवीचा उत्सव झाला होता म्हणून लक्षात आहे. साल मशीन आलं तेच.

परतीच्या बसमध्ये तिला खिडकी मिळाली, पण समुद्राकडे तिचं लक्ष गेलं नाही. सोमवारी ऑफिसात पोचताच तिनं जुन्या तक्रारींची यादी काढली. ऑगस्ट २०१८, अंबत्तूर. एकच नोंद होती. 'बाजूचे भोक सरकते. ऑपरेटरचा फोन.' खाली उत्तर: 'वापरणाऱ्याची चूक. मार्गदर्शन केले.' फोनची वेळ तीन मिनिटं दहा सेकंद. तक्रार बंद करणाऱ्याचं नाव: कमलिनी राव.

त्या दिवसांत एका आठवड्याला ऐंशी तक्रारी असायच्या आणि अठ्ठेचाळीस तासांत बंद झाल्या नाहीत तर वर नाव जायचं, हे सगळं खरं होतं. पण तिला आठवला तो गिंडीचा मालक, तिचा कागद शेजारच्या मुलाकडे देणारा. दोन आठवडे ती सगळ्या जगावर चिडली होती. आता चिडायला दुसरं कुणी उरलं नव्हतं, आणि त्यानं तर ती जास्तच वैतागली.

अथर्वला तिनं सगळं सांगितलं. तो हुशार होता, लगेच समजला. त्यानं खुर्ची जवळ ओढली आणि आवाज खाली आणून मराठीत म्हणाला, "कमलिनीताई, आपण असं करू. सुधारून द्या, नवी आवृत्ती म्हणून पाठवू. कारण लिहायची काही गरज नाही. त्यांनीही कागद दिला नव्हता. जुनी तक्रार आता कोण उघडून बघतंय?"

तीही मग तिच्या मराठीत बोलली. "मीच उघडून पाहिलें. त्या माणसानें खरें सांगितलें होतें. मीं त्यास चूक ठरविलें. हें लिहिल्यावांचून मी फाइल पाठविणार नाहीं."

अथर्व या वेळी हसला नाही. मग म्हणाला, की मे महिन्यात तिच्या कामाचं मूल्यमापन त्याच्याकडेच येईल आणि हे सगळं त्यात येईल, त्याला टाळता येणार नाही. ती म्हणाली, येऊ दे.

काम मात्र आकडा बदलण्याएवढं सोपं नव्हतं. फाइलीत एकच आकडा असतो, आणि इथं आकडा दिवसातून दोनदा हलत होता. कमलिनीनं चार दिवस घालवून पोस्ट नव्यानं लिहिलं. आता ते अंतर फाइलीतून घेणं बंद झालं. प्रोग्रॅम ते मशीनलाच विचारायचा. मशीनबरोबर मोजणीची कांडी आली होतीच, सहा वर्षं कपाटात पडून होती. कनकानं सकाळी आणि जेवणानंतर ती लावून टेबल उभं-आडवं करून मोजायचं, आकडा मशीनच्या एका कप्प्यात साठायचा, आणि कुलूपबंद प्रोग्रॅम तिथून उचलायचा. प्रोग्रॅमला कुणी हात लावायचा नाही, म्हणजे ऑडिटवालेही खूश. हे पटवायला तिला श्रीविद्याबाईंच्या खोलीत तीन बैठका लागल्या. पहिलीत त्यांनी विचारलं की मोजायला लागणारी दहा मिनिटं कुणाच्या खात्यात टाकायची. दुसरीत त्यांच्या नेटवर्कच्या माणसानं सांगितलं की मशीनमध्ये काही साठवणं हे धोरणात बसत नाही. कमलिनीनं दोन्ही हातांनी डोकं धरलं आणि धरूनच बसली.

तिसऱ्या बैठकीत तिनं आपला अहवाल समोर ठेवला. त्यात दोन्ही गोष्टी लिहिल्या होत्या: कागद मागूनही मिळाला नाही, आणि ऑपरेटरनं दोनदा फोन करूनही आम्ही ऐकलं नाही. खाली रंगाचं पूर्ण नाव होतं आणि त्यानं सहा वर्षं काय केलं ते चार ओळींत होतं. श्रीविद्याबाईंनी तो दोनदा वाचला.

"हे आम्हाला माहीत नव्हतं," त्या म्हणाल्या. "त्याच्या निरोपसमारंभाला मी भाषण केलं. म्हणाले, वक्तशीर माणूस."

मग त्यांनी नेटवर्कच्या माणसाला सांगितलं की धोरणात बसत नसेल तर धोरण बदलून घ्या, गुरुवारपर्यंत.

चाचणीच्या दिवशी रंगा यावा असं कमलिनीला वाटत होतं. त्यानं आधी साफ नकार दिला. मग आला, स्वतःची डायल फडक्यात गुंडाळून घेऊन. फाटकावर त्यालाही वही भरावी लागली. बावीस वर्षं ज्या फाटकातून तो आत गेला तिथं 'भेटीचं कारण' लिहायला त्याला रखवालदारानं लावलं आणि त्याचा पारा चढला. मशीनपाशी त्यानं कांडीवर विश्वास ठेवला नाही. दुपारी दोन वाजता, भिंत हात लावू देत नव्हती तेव्हा, त्यानं आपली डायल लावून स्वतः मोजलं. मशीननं चौतीस दाखवलं होतं. त्याच्या डायलवरही चौतीस आले. त्यानं काही न बोलता डायल पुसली. ठोकळा कापून झाल्यावर कनकानं तो त्याच्यासमोर धरला. त्यानं करंगळी आत घालून फिरवली.

"ठीक आहे," तो म्हणाला. आणि कनकाकडे वळून: "मेमध्ये तीनदा मोज. दोनदा पुरणार नाही." कमलिनीशी तो जाताना एवढंच बोलला, की सहा वर्षांपूर्वी हे केलं असतंत तर माझे डोळे वाचले असते. ती माफ करा म्हणाली. त्यानं मान हलवली, पण ती हो म्हणून की नाही म्हणून, हे तिला कळलं नाही. सहाची बस गाठायची म्हणून तो चहालाही थांबला नाही.

मूल्यमापनात तिला खरंच कमी गुण पडले. अथर्वनं शब्द पाळला होता, दोन्ही अर्थांनी: चूक लिहिली होती आणि तिनं ती स्वतः सांगितली हेही लिहिलं होतं. गुणांच्या तक्त्यात दुसऱ्या गोष्टीला रकानाच नव्हता.

त्यानंतरचे दोन शनिवार तिनं आपल्या एकशे तीस फाइली एकेक उघडून पाहिल्या. 'तात्पुरता आकडा' अशी टीप एकोणीस ठिकाणी निघाली. एकोणीस कारखान्यांना तिनं पत्रं पाठवली: मोजणीचा कागद पाठवा, आणि कृपया मशीन चालवणाऱ्या माणसाला विचारा की तो हातानं काही बदलतो का. दहा दिवसांत चार उत्तरं आली. त्यातल्या तिघांनी लिहिलं होतं की आमच्याकडे सर्व सुरळीत आहे. ती वाचून तिनं लॅपटॉप इतक्या जोरात मिटला की संजीव स्वयंपाकघरातून बघायला आला.

चौथं उत्तर पत्रानं नव्हे, फोननं आलं. होसूरच्या एका कारखान्यातून, दुपारच्या शिफ्टआधी. मीनाक्षी नावाची कुणी बाई होती. बिचकत बोलत होती, मागं मशीनचा आवाज होता. म्हणाली, तुमचं पत्र नोटीसबोर्डवर लावलंय, त्यावर नंबर होता. "मॅडम, मी तीन वर्षं दर वेळी बारा शतांश वजा करते. कुणाला सांगितलेलं नाही. माझंच चुकतंय असं वाटायचं. आता बंद करू का?"

कमलिनीनं समोरच्या दोन तक्रारी बाजूला सारल्या. त्या दोन्ही संध्याकाळपर्यंत बंद करायच्या होत्या.

"बंद करू नका," ती म्हणाली. "आधी मला सांगा, तुम्ही मोजता कसं? पहिल्यापासून सांगा. मी लिहून घेते."

मीनाक्षी सांगू लागली. फोन एकेचाळीस मिनिटं चालला.